चौकटीच्या डावीकडे

१

लासिनाचा फोन आला तेव्हा मी चवळी निवडत होते. सकाळची वेळ होती. हरमाटानच्या कोरड्या वाऱ्याचा धुरळा खिडकीच्या जाळीवर साचला होता आणि समोरच्या घरात शिलाईयंत्र खडखडत होतं. रेडिओच्या श्रुतिकेचा एक भाग दुपारपर्यंत पोचवायचा होता. त्यातल्या सासूला शेवटी काय बोलायला लावावं ते सुचेना, म्हणून मी सूप मांडीवर घेऊन बसले होते.

लासिना टोए हा माझ्या नवऱ्याचा ध्वनिमुद्रक. यांबाने कॅमेरा उचलायचा आणि लासिनाने माइकची काठी, असं आमच्या लग्नाच्याही आधीपासून चालत आलेलं. लासिना सामो जमातीचा, आम्ही मोसी जमातीचे. सामो आणि मोसी यांच्यात थट्टेचं नातं आहे. एकमेकांना वाट्टेल ते बोलायचं, आणि ज्याला बोललं त्याने रागवायचं नाही. त्यामुळे लासिनाचा फोन एकाच वाक्याने सुरू व्हायचा.

"काय गं गुलामाच्या बायको, माझा गुलाम घरी आहे की पळाला?"

मी म्हणायचे, "घरीच आहे. आमचं कुत्रं मात्र सापडत नाही. तुझ्या कढईत बघ जरा."

माझ्या वडिलांच्या मयतालाही तो येऊन म्हणाला होता, "म्हातारा खरंच गेलाय की काम टाळायला झोपलाय?" आणि रडणाऱ्या बायका पदराआड हसल्या होत्या.

त्या सकाळी तो म्हणाला, "ओदिल."

नुसतं नाव. मी सूप खाली ठेवलं.

"लासिना," मी म्हटलं, "शिवी दे."

त्याने पुन्हा माझं नावच घेतलं.

"दे ना रे."

"बसलेली आहेस ना, ओदिल?" तो म्हणाला.

यांबा तेंकोदोगोच्या पुढे, त्याच्या गावी, वारलेल्या आईच्या अंगणात कॅमेऱ्यामागे उभा असताना कोसळला होता. गाडीत घालेपर्यंत संपलं होतं. हृदय, असं दवाखान्यात म्हणाले. कॅमेरा बराच वेळ चालूच राहिला होता. तो बंद करायचं कोणाच्या लक्षात आलं नव्हतं.

२

यांबा कॅमेरा शिकला तो सरकारी माहितीपटांवर. विहिरी, कापूस, लसी, नदीकाठच्या माशीने आंधळी झालेली गावं. पुढे कथापट मिळाले, नाव झालं. कथापट मिळाला की बहुतेक जण माहितीपटाकडे वळून बघत नाहीत. यांबा मात्र एका पायावर कधी उभा राहिला नाही. आज राजकन्येच्या तोंडावर उजेड पाडायचा, तर पुढच्या महिन्यात शेळ्यांच्या रोगावर माहितीपट.

"कथापटात कोण कुठून येणार ते आदल्या दिवशीच ठरलेलं असतं," तो म्हणायचा. "माहितीपटात येणारा आपल्याला विचारून येत नाही. म्हणून डावा डोळा उघडा ठेवायचा."

उजवा डोळा कॅमेऱ्याला, डावा मोकळा. उजव्याला फक्त चौकट दिसते. चौकटीत आता काय शिरणार आहे ते डाव्याला दिसतं. एकदा बाजारात एक बैल दावं तोडून सुटला. यांबाने तो डाव्या डोळ्याने हेरला, कॅमेरा जागचा हलवला नाही, आणि बैल बोलावल्यासारखा चौकटीच्या मधोमध येऊन उभा राहिला. कथापटातही त्याची ती सवय सुटली नाही. एक दिग्दर्शक चिडून म्हणाला, "डोळा मीट रे बाबा, नट बिचकतात." यांबा म्हणाला, "नटांना सांगा, मी त्यांच्याकडे बघतच नाहीये." आमच्या लग्नाच्या फोटोतसुद्धा त्याचा डावा डोळा फोटोच्या बाहेर कुठेतरी बघतो आहे.

हा सिनेमा त्याचा स्वतःचा होता, पहिलाच. संहिता मी लिहिली होती. एक माणूस उतारवयात आईच्या ओसाड अंगणात परत येतो, एवढीच गोष्ट. गाव खरं, माणसं खरी, तो माणूस तेवढा रचलेला. शेवटचा शॉट असा: रिकामं अंगण, धान्याच्या कणगीपुढे चटई. माणूस डावीकडून येतो, आपल्याकडे पाठ करून चटईवर बसतो. तो माणूस यांबा स्वतःच होणार होता. कॅमेरा तिकाटण्यावर लावायचा, वळसा घालून डावीकडून चौकटीत शिरायचं. बाकी सगळा सिनेमा टिपून झाला होता. तेवढा शॉट राहिला होता, आणि त्याच्यावाचून सिनेमात कोणी घरी पोचतच नव्हतं.

३

त्याला गावातच पुरलं. लासिना आडवा पडला, खड्ड्याच्या तोंडाशी, भर धुळीत.

"हा माझा गुलाम आहे," तो ओरडला. "मला न विचारता पुरून तर बघा!"

माझे थोरले दीर नोआगादादा रीतीप्रमाणे हात जोडून म्हणाले, "मालक, उठा. कोंबडा देतो."

"म्हातारा नको. तुमच्यासारखा चिवट निघेल."

सगळे हसले. लासिना कोंबडा घेऊन उठला तेव्हा त्याच्या गालावरच्या धुळीत दोन ओल्या रेघा होत्या.

मग बिबाता आली. आमच्यात घरातली एक सून गेलेल्या माणसाचे कपडे घालते, त्याच्यासारखी चालते, बोलते. शेवटचा विधी होईपर्यंत ती 'तो' असते. तिला त्याच्याच नावाने हाक मारायची, तिचं नाव घ्यायचं नाही. बिबाता माझी धाकटी जाऊ, बाजारात चवळीचे वडे तळते, आणि तिच्या तोंडून नक्कल झाली नाही असा माणूस गावात नाही.

तिने यांबाचं खूपशा खिशांचं जाकीट चढवलं, टोपी घातली, आणि कॅमेरा वाहून वाहून उतरलेला त्याचा उजवा खांदा तसाच उतरवून चालत आली. पोरं ओरडली, "यांबा आला, यांबा आला!"

यांबाच्या आत्याबाई पुढे सरसावल्या. "यांबा, मेल्या, माझा फोटो काढतो म्हणाला होतास. केस पांढरे झाले वाट बघून."

"कॅमेरा नवीन आहे आत्या," बिबाता यांबाच्या घोगऱ्या आवाजात म्हणाली. "तडकेल म्हणून भितोय."

अंगण हसून लोळलं. मीही हसले.

बिबाताने बोटांची चौकट केली, उजव्या डोळ्यासमोर धरली आणि सावकाश सगळ्यांवरून फिरवली. मग एक हात सोडला आणि तळव्याने डावा डोळा झाकून घेतला.

नक्कल चुकली, असं माझ्या मनात आलं. यांबाने तो डोळा कधी मिटला नाही. मी तसं म्हणणारही होते, पण माझी नजर लासिनाकडे गेली. कोंबडा त्याच्या हातात पायांनी उलटा लोंबत होता. एवढ्या माणसांत एकटा तोच हसत नव्हता.

४

दुसऱ्या दिवशी सकाळी तो वायरींच्या गुंडाळ्या करत बसला होता. मी समोर बसले.

"काय पाहिलंस काल?"

"तुझा मेलेला नवरा. आणखी काय?"

"लासिना."

त्याने हातातली गुंडाळी पुरी केली. "शेवटचे काही दिवस त्याने चष्म्याच्या डाव्या काचेवर काळी चिकटपट्टी लावली होती. डोळा दुखतोय म्हणाला."

"आणि हे तू मला सांगितलं नाहीस?"

"माणसाने चष्म्याला पट्टी लावली म्हणून कोणी त्याच्या बायकोला फोन करतं का, मोसीणबाई?"

"बिबाताने पाहिलं असेल ते."

"बिबाता तेव्हा बहिणीच्या बाळंतपणाला गेली होती. यांबाच्या मयताला परत आली."

मी विचार केला. दुसऱ्या कोणी तिला सांगितलं असेल. गावात काय, वाऱ्याबरोबर सगळं पोचतं. दुपारी बिबाता कणगीच्या सावलीत बसली होती, टोपी मांडीवर ठेवून. मी जवळ गेले आणि रीतीप्रमाणे म्हटलं, "यांबा." जीभ अडखळली. "यांबा, काल डोळ्यावर हात का धरला होतास?"

"धूळ गेली ताई," ती स्वतःच्या आवाजात हळूच म्हणाली. मग टोपी डोक्यावर चढवून, त्याच्या आवाजात: "त्या बाजूला बघायचं नसतं." आणि स्वतःच खुदकन हसली. "असंच आलं तोंडात."

त्या दिवसांत डोळ्यात धूळ कोणाच्या जात नाही? मी धूळ मान्य केली.

निघताना नोआगादादांनी मला शेवटच्या विधीचं सांगितलं. तो पेरणीच्या आधी व्हायचा होता. "तुंबाभर पाणी तू तिला द्यायचं. 'यांबा, पाणी पी आणि जा' असं म्हणायचं. ती पाणी प्याली की कपडे उतरवायचे, आणि मग तिला तिच्या नावाने हाक मारायची. आधी पाणी, मग नाव. क्रम चुकवू नकोस, ओदिल."

"चुकला तर?"

"अजून कोणी चुकवलेला नाही," दादा म्हणाले. "त्याच संध्याकाळी आईच्या झोपडीचं छप्पर उतरवू. मग ते अंगण बंद."

५

वागादुगुला आमच्या घराच्या मागे पत्र्याची खोली आहे. यांबा तिथे चित्रणाची जोडणी करायचा. पंखा फिरला की कोपऱ्यातला पत्रा वाजतो, म्हणून आवाज तपासताना पंखा बंद ठेवायचा आणि घाम पुसत बसायचं. लासिना आणि मी तसेच बसलो.

पहिल्या दिवसांचं चित्रण त्याचं होतं, ओळखीचं. चौकट स्थिर, माणूस जिथे असायला हवा तिथे. मग मला वाटू लागलं की प्रत्येक शॉट शेवटाकडे किंचित उजवीकडे सरकतोय. अंगण झाडणारी बाई चौकटीच्या डाव्या कडेला कापली जाते. दळणारी आत्या अर्धीच राहते. कॅमेरा तिला सोडून उजवीकडच्या कोऱ्या भिंतीवर जातो.

"तिकाटण्याचा पाय बसत असेल," मी म्हटलं. "जमीन भुसभुशीत आहे."

"हा शॉट त्याने खांद्यावरून घेतलाय," लासिना म्हणाला.

आम्ही पुढे बघत राहिलो. दिवसागणिक सरकणं वाढत होतं. चुकून घडलेलं ते वाटत नव्हतं. वाटेत कोणी नकोसं दिसलं की आपण जसा रस्ता बदलतो, तसा कॅमेरा डावी बाजू टाळत होता. प्रत्यक्ष त्या बाजूला काही नव्हतं. कणगी, तिच्याआडून आत यायची वाट आणि ऊन.

शेवटचं चित्रण लावलं. रिकामं अंगण, कणगी, चटई. ही चौकट मात्र सरळ होती, डावीकडे वाट ठेवून नीट बांधलेली. चष्मा मला दवाखान्यातून मिळाला होता. त्यावर पट्टी नव्हती, नुसता चिकट डाग राहिला होता. म्हणजे त्या दिवशी त्याने ती काढली होती.

लासिनाने आवाज वाढवला. वारा. दूर कुठेतरी मुसळ. मग लासिनाचा स्वतःचा आवाज, "जा की गुलामा, काय वाट बघतोयस? तुझीच एंट्री आहे."

आणि यांबाचा. शांत, कामातला आवाज. "थांब. आधी त्याला येऊ दे."

"कोणाला?"

थोड्या वेळाने कापड घासल्याचा आवाज, काहीतरी जड पडल्याचा, मग आरडाओरडा. चित्रात अंगण तसंच, चटई तशीच. चौकट हलली नव्हती. पडताना त्याने कॅमेऱ्याला धक्कासुद्धा लागू दिला नव्हता.

लासिनाने यंत्र बंद केलं. पत्रा तापून टकटक वाजत होता.

"ओदिल, हे डब्यात घाल. लोक म्हणतील, अर्धाच राहिला बिचाऱ्याचा सिनेमा. म्हणू देत."

"नाही."

"अगं, शेवटचा शॉटच नाही. माणूसच नाही!"

"माणूस आहे," मी म्हटलं. "त्याचे कपडे घालून, त्याच्यासारखी चालत गावात फिरतेय. पाठ तर दाखवायची आहे फक्त. छप्पर उतरवायच्या आधी, त्याच जागेवरून, त्याच उजेडात. कॅमेरा मी धरीन."

"तू?"

"इतकी वर्षं त्याच्याशेजारी बसून काय मी मुसळ हलवत होते?"

त्याने पंखा सुरू केला. मग म्हणाला, "मोसी बायका. म्हणून आम्ही सामो तुमच्यात लग्न करत नाही." एवढ्या दिवसांनी मला उद्देशून त्याच्या तोंडून पहिली खरी शिवी आली होती, आणि मला बरं वाटलं.

६

विधीच्या दिवशी दुपार कलल्यावर मी कॅमेरा यांबाच्या जागी लावला. तिकाटण्याच्या पायांचे खळगे अजून जमिनीत होते. पाय त्यांत अचूक बसले. कॅमेऱ्यामागे आईची झोपडी, तिच्या दाराशी पाण्याचा तुंबा झाकून ठेवलेला. शॉट संपला की विधी. नोआगादादांनी सगळ्यांना कुंपणाबाहेर बसवलं होतं.

"लवकर आटप," ते म्हणाले. "ज्वारीची दारू आत्यांच्या हाती लागली तर संध्याकाळी छप्पर उतरवायला माणूस उरणार नाही."

बिबाताला मी समजावून सांगितलं. कणगीच्या डाव्या अंगाला उभं राहायचं, मी हात वर केला की चालत यायचं, पाठ करून चटईवर बसायचं, वळायचं नाही.

"पैलतीरी गेलेल्याला पण इतक्या सूचना?" ती यांबाच्या आवाजात म्हणाली आणि खांदा उतरवून निघाली.

लासिनाने कानांवर हेडफोन चढवले, माइकची काठी धरली. मी उजवा डोळा कॅमेऱ्याला लावला. अंगण, कणगी, चटई. ऊन पिवळं, सावल्या लांब. डावा डोळा मी मिटला होता. भीती म्हणून नव्हे, सवय नव्हती म्हणून. असं मी स्वतःला सांगितलं. मग वाटलं, जो डोळा त्याने आयुष्यभर उघडा ठेवला तो मी मिटून हा शॉट घेतला तर तो त्याचा शॉट कसा होईल?

मी डोळा उघडला. कणगीच्या डाव्या अंगाला जाकीट दिसलं, टोपी दिसली. डोळ्याच्या कोपऱ्यातून दिसतं तेवढंच, कडा नसलेलं. कॅमेरा सुरू करून मी हात वर केला.

ती आकृती निघाली. उजवा खांदा उतरलेला. नक्कल अप्रतिम होती. बिबाता नेहमी जरा जास्तच खांदा उतरवते, पोरांनी हसावं म्हणून. आज तेवढंही नव्हतं. चालणं थकलेलं होतं आणि नक्की होतं, दिवसभराचं काम उरकून घरी येणाऱ्या माणसाचं. कडेला पोचायला एक पाऊल उरलं. मी श्वास धरला, चौकट धरली.

पाऊल पडलं. डाव्या डोळ्यात तो होता. उजव्या डोळ्यात चटई होती, रिकामी.

वाऱ्याने असेल, चटईचा काठ किंचित दबला. लासिनाने झटकन मान वर केली. त्याच्या कानात काहीतरी वाजलं होतं.

तेवढ्यात माझ्या मागून, उजवीकडून, झोपडीच्या दारातून धापा टाकत आवाज आला. "ताई, थांबा हं, सुरू नका करू! चपलेचा अंगठा तुटला म्हणून आत बदलायला आले होते. आता जाऊ का तिकडे?"

तो बिबाताचा आवाज होता, तिचा स्वतःचा.

मी डोळा हलवला नाही. हात हलवला नाही. एक शब्द जरी चुकीच्या वेळी बोलले तर हा शॉट पुन्हा मिळणार नाही, एवढंच मला कळत होतं. आणि मी, वळून न बघता, म्हणाले, "थांब, बिबाता."

मागे तिने श्वास घेतल्याचं ऐकू आलं. कुंपणाबाहेर कोणीतरी आत्या "अगं बाई" म्हणाली.

लासिनाने हेडफोन काढले नाहीत. चटईकडे बघत तो मोठ्याने म्हणाला, "आलास होय रे, गुलामा? किती वाट बघायला लावतोस!"

थट्टेच्या नात्यात मेलेल्याचीही थट्टा करायची मुभा असते. बोलल्यावर लासिनाने मान डोलावली, कानात उत्तर ऐकल्यासारखी. काय ऐकलं ते मी त्याला नंतरही विचारलं नाही, आणि ती ध्वनिफीत त्याने मला कधी दिली नाही.

मी शॉट धरून ठेवला, ऊन चटईवरून उतरेपर्यंत. डावा डोळा मी मिटला नाही. त्यात पाणी आलं तरी नाही.

७

नोआगादादा मला ओरडले नाहीत. बिबाताने कपडे स्वतःच उतरवून घडी करून ठेवले होते. नाव घेतल्यावर ते अंगावर ठेवता येत नाहीत. आता पाणी कोणाला द्यायचं, हा प्रश्न होता. आधी पाणी, मग नाव. जिला पाणी द्यायचं ती नाव मिळून मोकळी झाली होती.

"तुंबा तसाच असू दे," दादा म्हणाले. "बघू. म्हाताऱ्यांना विचारू."

त्या संध्याकाळी छप्पर उतरवलं नाही.

सिनेमा पुरा झाला. मी आणि लासिनाने तो पत्र्याच्या खोलीत बसून जोडला, आणि चित्रपट महोत्सवात दाखवला. शेवटच्या शॉटमध्ये चटई आहे, ऊन आहे; माणूस नाही, आवाजही नाही. मी त्यात काही घातलं नाही, काही कापलं नाही. अंधारात लोक शेवटपर्यंत बसून राहिले. बाहेर पडताना एक बाई माझा हात धरून म्हणाली, "पोचला बिचारा एकदाचा घरी." मी बरं म्हटलं.

आता मी स्वतः कॅमेरा धरते. सध्या एका धरणावर माहितीपट चालू आहे. लासिना माइकची काठी धरतो, दिवसभर मला शिव्या देतो. मी उजवा डोळा कॅमेऱ्याला लावते, डावा उघडा ठेवते. कधी काही दिसतं, कधी नाही. जे दिसतं ते त्रास देत नाही. ते कामावर आलेल्या माणसासारखं, कडेच्या अलीकडे, उभं असतं.

दादांचा निरोप दोनदा येऊन गेला. म्हाताऱ्यांनी तोड काढली आहे: त्या अंगणात, चटईसमोर, मी एकटीने तुंबा धरायचा आणि ते शब्द म्हणायचे. पेरणी झाली, कापणीही झाली. पाणी बदलून तुंबा पुन्हा भरून ठेवतात, असं बिबाता सांगते.

'पाणी पी आणि जा' असं मी त्याला अजून म्हटलेलं नाही.